रामटेकेसाहेबांचे चिंचोके

रामटेकेसाहेबांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते एका चिंचोक्याला रागावत होते.

"तू कावून थांबला बे? पुढं रस्ता मोकळा आहे ना? सरक की!"

चिंचोका अर्थातच सरकला नाही. मग साहेबांनी सापशिडीतला फासा टाकला, किती पडले ते पाहिलं आणि चिंचोक्याला बोटाने तेवढी घरं पुढे ढकललं. टेबलावर मोठा तपकिरी कागद अंथरला होता. त्यावर पेन्सिलीने कारखान्याचं मेन गेट, सायकल स्टँड, बाहेरचा चौक आणि चौकातून फुटणारे रस्ते काढले होते, आणि त्यावर जिकडे पाहावं तिकडे चिंचोके. माझी नोकरीची ती पहिली सकाळ होती. गणितात एमएस्सी केलेली, लग्न होऊन नागपूरहून भिलाईला आलेली मी, कारखान्याच्या कॉम्प्युटर सेंटरमध्ये रुजू व्हायचं म्हणून नवी साडी नेसून गेले होते, आणि माझे वरिष्ठ म्हणून मला हे गृहस्थ दाखवण्यात आले.

"बसा बाई," ते वर न पाहता म्हणाले. "फक्त गेटावर पर्स ठेवू नका. माणसं आहेत तिथं."

घरी येऊन मी हे सगळं नवऱ्याला सांगितलं. तो रेल मिलमध्ये पहिल्या शिफ्टला होता आणि कशाचंच आश्चर्य न वाटणं हा त्याचा स्वभाव. तो म्हणाला, "एवढा मोठा कारखाना, एखादा असा असायचाच. पगार वेळेवर होतो ना?" पगार वेळेवर होत होता. किंबहुना आमचं कॉम्प्युटर सेंटर त्या पगारासाठीच होतं. गार हवेच्या खोलीत चपला बाहेर काढून शिरायचं, आणि हजारो लोकांचा पगार, भत्ता आणि कापलेला फंड त्या कपाटाएवढ्या यंत्राकडून छापून घ्यायचा. त्यातून जो वेळ उरेल तो रामटेकेसाहेबांचा.

साहेब उंच, वाळकुडे. पँटला लावलेली सायकलची क्लिप सकाळी लावली की रात्री झोपतानाच निघत असावी, असा माझा अंदाज होता. शर्टाच्या खिशात पेन, पँटच्या खिशात चिंचोके. चहाचे पैसे द्यायला हात घातला की मूठभर चिंचोके बाहेर यायचे, आणि चहावाला शांतपणे त्यातून आपलं नाणं वेचून घ्यायचा. भंडाऱ्याकडचं खेडं, वडील रेल्वेत गँगमन, स्वतः नागपुरात स्टॅटिस्टिक्सचे एमएस्सी. वर्षातून एकदा दसऱ्याला दीक्षाभूमीवर जायचे, आणि परत आले की लोक प्रसाद-पेढे देतात तसे ते आम्हाला गर्दीची निरीक्षणं द्यायचे. "एवढाले लोक, बाई, पण धक्का लागत नाही कोणाले. लेकरू हरवलं तं चार जण धावते. कावून सांगा बरं?" मी म्हणायचे, "सांगा ना." ते म्हणायचे, "तेच तं शोधून राहिलो."

ते नेमकं काय करत होते हे मला समजायला दोन-तीन महिने लागले. आता माझी भाची बंगलोरला बसून हेच करते. तिला मी साहेबांचं सांगितलं तेव्हा ती डोळे विस्फारून म्हणाली, "मावशी, हे तर एजंट बेस्ड मॉडेल!" असेल बाई. आम्ही त्याला चिंचोक्यांचा खेळ म्हणायचो. खेळ असा: गर्दीचं गणित करायचं तर गर्दीचं करायचंच नाही. एकेक माणूस वेगळा धरायचा, त्याला त्याचे दोन-चार नियम द्यायचे. हा घाईत असतो. हा हळू चालवतो. हा गेटाबाहेर पडला की पान खातोच. मग सगळ्यांना एकदम सोडून द्यायचं आणि काय होतं ते बघत बसायचं. गर्दी आपोआप होते, कोणी तिला सांगावं लागत नाही.

चिंचोक्यांवर पाच-पन्नास माणसं चालवून झाली की साहेब तोच खेळ यंत्रावर घालायचे. तिथे हजारो माणसं चालायची. प्रिंटरच्या रुंद कागदावर गेट छापून यायचं आणि माणसाच्या जागी इंग्रजी अक्षर. घाईवाला 'जे', पानवाला 'पी', साधासुधा 'एस'. पानामागून पान उलटत गेलं की अक्षरं पुढे सरकताना दिसायची. त्यात माझा नवराही होता. साहेबांनी त्याला न विचारता 'पी' करून टाकलं होतं. मी ते घरी सांगितल्यावर, आयुष्यात पहिल्यांदा, नवऱ्याला थोडं आश्चर्य वाटलं.

आमचे मुख्य सक्सेनासाहेब वाईट नव्हते, फक्त त्यांना सरासरी फार आवडायची. ताशी सरासरी इतक्या सायकली, गेटाची रुंदी इतकी, भागाकार करा आणि मोकळे व्हा. रामटेकेसाहेबांना सरासरी म्हटलं की अंगावर पाल पडल्यासारखं व्हायचं. "सरासरी माणसाले कोणी चहा पाजला आहे काय, बाई? कोणाच्या लग्नात तो आला, जेवला, अन् आहेर देऊन गेला, असं आयकलं काय? मंग त्याच्यासाठी गेट कावून बांधता?" त्यांचं आवडतं वाक्य आणखी एक होतं, ते रोज निदान एकदा यायचं: "गर्दीले डोकं नसते. पण गर्दीतल्या एकेकाले असते. तिथंच सारी पंचाईत आहे."

एकदा त्यांनी अफवा कशी पसरते याचं मॉडेल केलं. यंत्राने सांगितलं, आमच्या सेक्टर दहाच्या वसाहतीत सकाळी एकाला सांगितलेली गोष्ट संध्याकाळपर्यंत सगळ्यांना कळते. मग ते खरं की खोटं हे बघायला त्यांनी शेजारच्या एका गृहस्थांना उगाच सांगून टाकलं, की सहकारी दुकानात आज साखर येणार म्हणे. संध्याकाळी आम्ही दुकानापाशी गेलो तर रस्त्यापर्यंत रांग, आणि रांगेत पिशवी घेऊन खुद्द रामटेकेसाहेब. मी म्हटलं, "साहेब, ही बातमी तुम्हीच सोडली ना?" तर म्हणाले, "हो जी. पण एवढे लोक म्हणून राहिले तं असन." रांग पाहून दुकानदार घाबरला आणि त्याने दुर्गहून पोती मागवली. साखर खरंच आली. साहेबांनी आपल्या वाट्याची घेतली आणि जाताना मला म्हणाले, "पाहा, पाहणाराही आत ओढल्या जाते."

साहेब सेक्टर दहाच्या क्वार्टरमध्ये एकटे राहायचे. त्यांच्या पत्नी प्रमिलाताई गोंदियाच्या शाळेत शिक्षिका. त्यांची बदली भिलाईला होणं शक्य नव्हतं आणि साहेबांना इथली नोकरी सोडणं शक्य नव्हतं. म्हणून दर शनिवारी दुपारी दोनला ऑफिस सुटलं की साहेब सायकलवर टांग टाकून दुर्ग स्टेशन गाठायचे, सायकल स्टँडवर लावायचे आणि गोंदियाची पॅसेंजर पकडायचे. मी एकदा विचारलं, "ताई न्यायला येतात का स्टेशनवर?"

"न्याले कायले? मी काय लहान आहे?" ते म्हणाले. "पण टेशनावरच भेटते ते. टेशनाजवळ भाजीबाजार आहे ना, शनिवारी भाजी घ्याले येते. तिची भाजी अन् माह्यी गाडी, एकाच टायमाले."

"बरं जुळून आलंय," मी म्हटलं.

"योगायोग," ते म्हणाले. स्टॅटिस्टिक्सच्या माणसाने हा शब्द उच्चारला आणि पुढे तपास केला नाही, याचं मला नंतर फार हसू आलं.

आता अडचण अशी, की दोनलाच पहिली शिफ्ट सुटायची. भोंगा वाजला की हजारो सायकली एकदम मेन गेटावर यायच्या, आणि समोरून दुसऱ्या शिफ्टचे लोक आत शिरायला बघायचे. हँडलात हँडल अडकायचं, डबे पडायचे, शिव्या तर तेव्हाच्या मध्य प्रदेशात जेवढ्या भाषा असतील तेवढ्यांत. या गर्दीत शनिवारी साहेबांची सायकलही अडकायची, आणि गाडी कितीदा तरी सुटता सुटता मिळायची. म्हणजे त्यांचा तो सगळा शास्त्रीय खटाटोप मुळात कशासाठी होता, तर गोंदियाची गाडी चुकू नये म्हणून. हे त्यांनी स्वतः कधी कबूल केलं नाही.

सक्सेनासाहेबांच्या मनात गेट रुंद करायचं होतं. रामटेकेसाहेब छापील कागदांचा गठ्ठा घेऊन त्यांच्या खोलीत गेले, मी मागे. त्यांनी सांगितलं, की गेट हलवू नका, वेळ हलवा. आधी रेल मिल सोडा, ती पांगली की भट्टीवाले, मग बाकीचे. यंत्रावर गेट मोकळं होतंय, ही पाहा अक्षरं.

सक्सेनासाहेबांनी अक्षरं पाहिली. मग साहेबांच्या खिशाकडे पाहिलं. "रामटेकेजी, पगार की मशीन पर आप तीन साल से ये इमली के बीज चला रहे हैं. ठीक है, एक हफ़्ता देता हूँ. चल गया तो चल गया. नहीं चला तो खदान के स्टोर में आदमी चाहिए, ऑर्डर तैयार है. शनिवार को साइन कर दूँगा."

खाणीवर जायला साहेबांची हरकत नव्हती. पण बाहेर येऊन ते जिन्यातच थांबले. "बाई, खाणीवरून शनिवारची गोंदियाची गाडी सापडत नाही," ते म्हणाले. "महिन्यातून एखांदी सुट्टी धरून जाणं होईन. प्रमिला काही म्हणणार नाही. पण तिच्या भाजीच्या टायमाले मी नसन, ते काही बरं नाही दिसत."

सोमवारी प्रयोग. गेटाबाहेर सक्सेनासाहेबांसाठी खुर्ची मांडली होती. रामटेकेसाहेब उन्हात उभे, खिशात हात घालून चिंचोके खुळखुळवत. भोंगा झाला आणि ठरल्याप्रमाणे फक्त रेल मिल सुटली. सायकली सुरेख, एकामागे एक गेटाबाहेर आल्या. सक्सेनासाहेबांनी मान हलवली. मी पण हलवली. आणि मग त्या सगळ्या सायकली बाहेर येऊन थांबल्या.

कोणी घरी गेलंच नाही. एक पाय पेडलवर, एक जमिनीवर, अशी सगळी रेल मिल गेटासमोर उभी. काही जणांनी बिडी काढली. तेवढ्यात भट्टीवाले सुटले. त्यांना बाहेर पडायला जागा नाही. त्यांतले निम्मे मग सायकल स्टँडवरच थांबले, म्हणजे आतही बंद आणि बाहेरही बंद. दुसऱ्या शिफ्टचे लोक चौकात घंट्या वाजवत राहिले. अशी कोंडी त्या गेटाने आजवर पाहिली नव्हती. नुसती घंट्यांची आरती चालली होती.

सक्सेनासाहेब खुर्चीवरून उठले. "रामटेकेजी, आपकी मशीन में तो ये लोग घर जा रहे थे?"

दुसरा कोणी असता तर त्याने तोंड लपवलं असतं. रामटेकेसाहेबांचा चेहरा मात्र लहान मुलासारखा फुलला. ते सरळ गर्दीत घुसले. मी पदर खोचून मागे. पुढे रेल मिलचा साहू उभा होता, पाटणकडच्या गावातला, रोज लांबून सायकल मारत येणारा.

"साहू, कावून थांबला? सुट्टी झाली ना तुह्यी?"

"संगवारी ल अगोरत हँव, साहेब," साहू म्हणाला. संगवारी म्हणजे सोबती. त्याची वाट बघतोय. "वर्मा भट्ठी म हे. अकेल्ला कइसे जाबो? गाँव दुरिहा हे."

वर्मा गेटाच्या आत, सायकल स्टँडपाशी सापडला. तो का थांबला होता? साहू आपल्यासाठी आतच थांबला असणार म्हणून! दोघं गेटाच्या दोन बाजूंना एकमेकांची वाट बघत, आणि त्यांच्यासारखी सगळी गर्दी. साहेब एकेकाला विचारत सुटले. तू कावून थांबला? तू? तू? कोणी भावासाठी, कोणी गाववाल्यासाठी, कोणी शेजाऱ्यासाठी. इतक्यात मला एक ओळखीचा शर्ट दिसला. माझा नवरा, एक पाय जमिनीवर टेकवून, पान चघळत.

"तुम्ही पण?" मी ओरडलेच.

"पिल्लेसाठी थांबलो," तो शांतपणे म्हणाला. पिल्ले आमचे शेजारी. "त्याची सायकल पंक्चर आहे. त्याले डबलसीट कोण आणंन?"

"त्यांची सायकल रोजच पंक्चर असते!"

"म्हणूनच रोज थांबतो."

रामटेकेसाहेब मागे उभे राहून हे ऐकत होते. चेहऱ्यावरची ती गंमत हळूहळू ओसरली. चिंचोक्यांचा आवाजही थांबला.

"बाई," ते म्हणाले, "आपल्या मॉडेलमंधी कोणी कोणाची वाटच पाहात नाही. भोंगा झाला, सायकल काढली, घरी गेला. जो तो आपला एकला. मीच लिवलं तसं. मी तसाच जातो ना घरी. मले वाटलं, सारेच तसे जाते." मग म्हणाले, "माह्यी कोण वाट पाहाते? म्हणून ध्यानातच नाही आलं. दीक्षाभूमीवर दरसाल पाहातो, एकमेकाचा हात धरून चालते लोक. अन् इथं विसरलो."

मला फार वाईट वाटलं. इतकी वर्षं हा माणूस आमच्याच गल्लीत, माझ्या मागून पंधरा मिनिटांनी एकटा सायकल मारत येत होता, कुलूप उघडत होता, आणि आम्हाला त्यात काही विशेष वाटलं नव्हतं.

वाईट वाटून घ्यायला मात्र वेळ नव्हता. ऑर्डर सक्सेनासाहेबांच्या खणात होती आणि शनिवार चार पावलांवर. सक्सेनासाहेबांनी सुटीची वेळ पुन्हा जुनी केली आणि आमच्याशी बोलणं बंद केलं. दोन दिवस आम्ही दोघं दुपारी गेटावर उभं राहून कोण कोणासाठी थांबतो, कुठे थांबतो, हे विचारत होतो. लोकांना वाटलं जनगणना आहे. एका म्हाताऱ्याने आपल्या गाई-म्हशीही सांगितल्या. मग जेवणाच्या सुट्टीत, पगाराचं यंत्र मोकळं असताना, प्रत्येक अक्षराला आम्ही एक सोबती जोडून दिला. नियम एवढाच: सोबती आल्याशिवाय हलायचं नाही.

कागद छापून आला आणि त्यात तीच कोंडी, जशीच्या तशी. साहेबांनी टेबलावर थाप मारली. "आता खरं झालं गेट!" पण कोंडी खरी झाल्याने ती सुटत नाही. त्यांनी माणसांच्या वेळा बदलून पाहिल्या, रस्ते बदलून पाहिले. सोबत्यापायी सगळं पुन्हा दारातच येऊन तुंबायचं. शेवटी कंटाळून त्यांनी त्या कागदावर गेटाशेजारची चहाची टपरी उचलली आणि चौकापलीकडच्या मैदानात, कडुनिंबाखाली ठेवून दिली. अक्षरं सरळ गेटातून निघाली, चौक ओलांडून गेली आणि टपरीभोवती जमली. तिथेच थांबली, तिथेच सोबती भेटले, तिथून घरी गेली. गेट रिकामं.

"थांबणं नाही थांबवता येत, बाई," साहेब म्हणाले. "ते दारातून उचलून सावलीत ठेवता येते."

सक्सेनासाहेबांना विचारायचं धाडस दोघांनाही नव्हतं. आम्ही तडक चहावाल्याकडे गेलो. तो टपरी हलवायला अजिबात तयार नव्हता. "उधर कौन आएगा, साहब? गिराकी तो गेट पर है." साहेबांनी त्याच्यापुढे तो लांबलचक कागद उलगडला आणि कडुनिंबावर बोट ठेवलं. "ये तुम. और ये सब आदमी." चहावाल्याने टपरीला चिकटलेली ती शेकडो अक्षरं पाहिली. "इतने?" तो म्हणाला. सक्सेनासाहेबांना जे तीन वर्षांत पटलं नव्हतं ते त्याला एका नजरेत पटलं. शुक्रवारी सकाळी टपरी कडुनिंबाखाली होती आणि त्याने दुधाची बरणी दुप्पट आणली होती.

शुक्रवारी दोनच्या भोंग्यानंतर सक्सेनासाहेबांची गाडी, जी एरवी गेटावर हॉर्न मारत अडकायची, ती भुर्रकन बाहेर पडली आणि चौकात जाऊन थांबली. सक्सेनासाहेब खाली उतरले आणि गेटाकडे वळून बघत राहिले. आज संपबिंप आहे की काय, असं त्यांना वाटलं असावं. मग त्यांचं लक्ष मैदानात गेलं. तिथे सगळे साहू आणि वर्मे, पिल्लेसकट माझा नवरा, बशीत चहा ओतून फुंकर घालत सावलीत उभे होते.

शनिवारी सकाळी बोलावणं आलं. "ये आपने किया?"

"नहीं साहब, चायवाले ने किया. हमने सिर्फ उसको बताया."

सक्सेनासाहेब हसले. आम्ही त्यांना पहिल्यांदाच हसताना पाहिलं. ऑर्डरचा तो कागद त्यांनी फाडला-बिडला नाही. जेवताना डब्याखाली घातला, त्यावर वरणाचा डाग पडला आणि मग तो सहीच्या लायकीचा उरला नाही. पुढे वरच्या मीटिंगमध्ये त्यांनी "मैंने सोचा, टपरी हटा दें" असं सांगितल्याचं कानावर आलं. रामटेकेसाहेबांना त्याचं काही नव्हतं. दोनला त्यांनी सायकल काढली, रिकाम्या गेटातून वाऱ्यासारखे गेले, आणि म्हणे गाडी यायच्या आधी फलाटावर चक्क चहा प्यायले.

त्यानंतरच्या सोमवारी संध्याकाळी आम्ही ऑफिसबाहेर पडलो तर माझा नवरा सायकल घेऊन उभा. पहिल्या शिफ्टचा माणूस, कधीच घरी जाऊन, झोप काढून परत आलेला. "बाईले न्याले आले काय?" साहेबांनी विचारलं. नवरा म्हणाला, "हो. अन् तुम्हालेही." साहेब संकोचले. "माह्यासाठी कावून थांबले?" नवऱ्याने पानाची गोळी या गालातून त्या गालात सरकवली. "मॉडेलमध्ये लिवलं आहे ना, संगवारी आल्याशिवाय हलायचं नाही." तेव्हापासून आम्ही तिघं बरोबर घरी जायचो. साहेब मधोमध, आणि सारा रस्ता बोलत.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला साहेब निवृत्त झाले. महिनाअखेर नेमकी शनिवारी आली. टोपी-नारळ, हार, सगळं आटोपायला दोन वाजून गेले. त्यांचं सामान, म्हणजे स्टोव्ह, पंखा आणि दोन ट्रंका, मी आणि नवरा बरोबर गोंदियापर्यंत पोचवणार होतो. घाईघाईने आम्ही गेटापाशी आलो आणि पाहतो तर गेट गच्च. कडुनिंबाखाली कुत्रंसुद्धा नाही, आणि सगळी पहिली शिफ्ट पुन्हा दारात, एक पाय जमिनीवर टेकवून. चहावालाही किटली घेऊन तिथेच.

साहेबांनी कपाळाला आठ्या घातल्या. गाडीची वेळ विसरून त्यांच्यातला जुना माणूस जागा झाला. "हे कावून थांबले बे सारे? टपरी हलवली काय कोणी?" ते गर्दीत शिरले आणि समोरच्यालाच विचारलं, "साहू, कोणाची वाट पाहून राहिला? वर्मा तं बाजूलेच उभा आहे तुह्या!"

साहूचे केस आता पांढरे झाले होते. तो म्हणाला, "आपे ल अगोरत हन, साहेब."

तुमचीच वाट बघतोय. साहेबांना छत्तीसगढी चांगली कळायची, तरी त्यांनी माझ्याकडे पाहिलं, जणू मी भाषांतर करावं. मग सगळ्या सायकली त्यांच्या मागेपुढे दुर्गपर्यंत निघाल्या. त्या मिरवणुकीचा वेग इतका संथ होता, की आम्ही फलाटावर पोचलो तेव्हा गोंदियाची पॅसेंजर निघून गेली होती. ज्या गाडीसाठी साहेबांनी सगळं आयुष्य त्या गर्दीशी हिशेब केला, ती गाडी त्यांच्या शेवटच्या शनिवारी त्याच गर्दीने चुकवली. पुढची गाडी येईपर्यंत कोणीही घरी गेलं नाही. फलाटावर बसून चहा झाला, गाणी झाली, आणि साहेब सारखे घड्याळ बघत मला म्हणत होते, "आज प्रमिलाची भाजी वाळून जाईन, बाई. बाजार उठला असन."

गोंदियाला उतरलो तेव्हा दिवे लागून बराच वेळ झाला होता. फलाट जवळजवळ रिकामा होता. बाकाशेजारी एक ठेंगण्या बाई उभ्या होत्या, हातात कापडी पिशवी. आम्ही ट्रंका उतरवल्या. साहेबांची नजर त्या पिशवीवर गेली. पिशवी घडी घालून हातात धरलेली, कोरी.

"थांबली तू आतालोक?" साहेब म्हणाले. "बाजार तं कवाच उठला असन."

"उठला," प्रमिलाताई म्हणाल्या.

"मंग भाजी?"

"भाजी मी गुरुवारी घेते जी. पह्यलेपासून."

साहेबांचा हात आपोआप खिशात गेला, पण त्या दिवशी चिंचोके खुळखुळले नाहीत. मग त्यांनी वळून माझ्याकडे पाहिलं. "बाई," ते म्हणाले, "सारं गणित पह्यलेपासून करावं लागते आता."

"ते घरी चालून करा," प्रमिलाताई म्हणाल्या आणि त्यांनी पंखा उचलला. "खूप थांबली मी."